ॲप उतरत नाही? आधी अक्षरे वाचा

आता खेड्यांतही पुष्कळ घरांत स्मार्टफोन आला आहे. शेतीची, बँकेची, मुलांच्या शाळेची बरीच कामे त्यावर होतात. पिकाचेच पाहा. शेतातल्या पिकाची नोंद पूर्वी तलाठी करीत असे. १५ ऑगस्ट २०२१ पासून महाराष्ट्रात ही नोंद शेतकऱ्याने स्वतः फोनवरून करण्याची सोय झाली. त्यासाठी 'ई-पीक पाहणी' नावाचे ॲप फोनवर घ्यावे लागते. पिकाची नोंद वेळेत झाली नाही, तर पुढे नुकसानभरपाई मागताना अडचण येते.

आणि नेमके मुदत संपत आली, की ॲप फोनवर उतरत नाही. नुसते गोल चक्र फिरत राहते. आपण वाट पाहून पाहून कंटाळतो.

मग काय होते? कोणी फोन घेऊन तालुक्याला जातो. एक दिवसाची मजुरी बुडते, वर दुकानदाराला पैसे द्यावे लागतात. कोणी शेजारच्या पोराची मनधरणी करतो. आणि कोणी भलत्यानेच पाठवलेली फाईल दाबतो आणि फसतो.

हे सारे टाळता येते. फोन अडला, तर तो का अडला हे बहुतेक वेळा तोच सांगतो. तो बोलून सांगत नाही, अक्षरांत सांगतो. तुम्हांला आता अक्षरे वाचता येतात. तेव्हा आमचे पहिले सांगणे हेच, की बटणे दाबत सुटू नका. आधी फोनवर काय लिहिले आहे ते वाचा.

ॲप येते कोठून?

ॲप म्हणजे फोनला शिकवलेले एखादे काम. बहुतेक फोनांवर 'प्ले स्टोअर' नावाचे एक दुकान असते. हे दुकान गूगल कंपनीचे आहे. २०१२ साली त्याला हे नाव मिळाले. या दुकानातून ॲप आपल्या फोनवर आणणे यालाच डाउनलोड करणे म्हणतात. आपण बोलताना 'ॲप उतरवणे' म्हणतो. टॅबलेट, म्हणजे मोठ्या पाटीसारखा फोन, त्यावरही हीच रीत असते.

हे काम विहिरीच्या पाण्यासारखे आहे. विहिरीतले पाणी पाइपाने घरच्या टाकीत येते. वाटेत एक कॉक असतो. टाकीत पाणी आले नाही, तर आपण काय करतो? पाइप फुटला आहे का, हे पाहतो. कॉक बंद आहे का, हे पाहतो. टाकी आधीच भरली आहे का, हेही पाहतो. टाकी फोडून कोणी पाहत नाही!

येथेही तसेच. प्ले स्टोअर ही विहीर. इंटरनेट हा पाइप. फोनमधली परवानगी हा कॉक. आणि फोनमधली जागा ही टाकी. एकेक क्रमाने तपासू.

भाषा मराठी करून घ्या

पण त्याआधी एक सोय करा. फोनवरची अक्षरे इंग्रजी असतील, तर ती मराठी करता येतात. फोनमध्ये दातेरी चाकाचे चित्र असते. त्याचे नाव 'सेटिंग्ज'. त्यात 'लँग्वेज', म्हणजे भाषा, असा भाग असतो. तेथे मराठी निवडावी. पहिल्या वेळी जाणत्या माणसाला जवळ बसवा. एकदा भाषा बदलली, की फोन काय म्हणतो ते तुमचे तुम्हांला वाचता येईल.

पहिली तपासणी : पाइप

फोनच्या वरच्या कडेला बारीक चित्रे असतात. तेथे विमानाचे चित्र दिसते का? दिसत असेल तर फोनचा बाहेरच्या जगाशी संबंध तुटलेला आहे. वरून खाली बोट ओढा आणि विमानाचे बटण बंद करा. मग 'मोबाइल डेटा' चालू आहे का, ते पाहा.

सारे चालू आहे, तरी ॲप येत नाही? मग रोजचा डेटा संपला असेल. येथे पुष्कळांची समजूत चुकते. "व्हॉट्सॲपवर निरोप तर येतायत, मग नेट नाही असं कसं?" असे लोक विचारतात. खरे आहे. पण अनेक योजनांत रोजचा डेटा संपला, तरी नेट अगदी बंद होत नाही. त्याचा वेग फार कमी होतो. मग सेकंदाला जेमतेम ८ केबी एवढेच येते. निरोप छोटा असतो, तो येऊन जातो. पण ४० एमबीचे ॲप यायला या वेगाने जवळजवळ दीड तास लागतो. पाइपातून थेंब थेंब पाणी यावे, तसा हा प्रकार. अशा वेळी दुसऱ्या दिवशी सकाळी उठून ॲप उतरवावे. शिवाय सकाळी गर्दी कमी असल्याने नेटही बरे चालते.

घरात रेंज नसेल, तर ओट्यावर किंवा गच्चीवर जाऊन पाहावे.

दुसरी तपासणी : कॉक

कधी ॲपच्या नावाखाली 'पेंडिंग' किंवा 'प्रलंबित' अशी अक्षरे येतात. याचा अर्थ बिघाड झाला असा नव्हे. याचा अर्थ 'थांबा' असा आहे. तुमच्या पुढे आणखी कोणी रांगेत आहे.

फोनमधली जुनी ॲप्स अधूनमधून नवी होत असतात. तेही काम प्ले स्टोअरच करतो. पाच-सहा ॲप्स रांगेत असली, तर तुमच्या ॲपची पाळी उशिरा येते. प्ले स्टोअर उघडा. वर उजव्या कोपऱ्यात तुमचे चित्र किंवा तुमच्या नावाचे पहिले अक्षर गोलात असते. ते दाबा. तेथे ॲप्सची व्यवस्था पाहण्याचा भाग असतो. कोणकोणती ॲप्स उतरत आहेत ते तेथे दिसते. नको ती थांबवा. मग तुमची पाळी लगेच येईल.

कधी फोन म्हणतो, 'वाय-फायची वाट पाहत आहे'. म्हणजे मोबाइलच्या डेटावर ॲप आणू नये, असे कोणीतरी आधी ठरवून ठेवले आहे. हाच बंद कॉक. त्याच गोलात 'सेटिंग्ज' आहे. त्यात नेटवर्कचा भाग आहे. तेथे 'कोणत्याही नेटवर्कवर' हे निवडा. कॉक उघडला!

फोनमध्ये 'डेटा सेव्हर' म्हणजे डेटा वाचवण्याचे एक बटण असते. ॲप उतरेपर्यंत तेही बंद ठेवून पाहावे.

ज्या टॅबलेटमध्ये सिमकार्ड नाही, त्याला स्वतःचा पाइप नसतो. अशा वेळी जवळच्या फोनवर 'हॉटस्पॉट' चालू करावा. मग टॅबलेट त्या फोनचे नेट वापरतो. मात्र डेटा त्या फोनचा जातो, हे विसरू नये.

तिसरी तपासणी : टाकी

'स्टोरेज भरले आहे' किंवा 'जागा अपुरी आहे' असे फोन म्हणत असेल, तर टाकी भरली आहे. गावाकडे ही अडचण फार आढळते.

"तात्या, तुमच्या फोनमध्ये जागाच नाही," पुतण्या म्हणतो.

"असं कसं? मी तर सगळे मिळून दहा फोटो काढलेत!"

"तुम्ही दहाच काढलेत हो, पण लोकांनी पाठवलेले व्हिडिओ आठशे आहेत."

तात्यांचे खोटे नाही आणि पुतण्याचेही नाही. सकाळच्या शुभेच्छा, देवाचे फोटो, विनोदी व्हिडिओ, सारे न विचारता फोनमध्ये साठत जाते.

मोजमाप असे आहे. सुमारे १००० एमबी म्हणजे १ जीबी. फोनवर ३२ जीबी लिहिले असले, तरी सारी जागा आपली नसते. फोनला चालवणारी यंत्रणाच त्यातली बरीच घेते. नवे ॲप घ्यायचे तर निदान १ जीबी जागा मोकळी असावी. ॲप ४० एमबीचे असले, तरी त्याला ४० एमबी पुरत नाहीत. गाठोडे सोडून सामान मांडायला जास्त जागा लागतेच ना?

सेटिंग्जमध्ये 'स्टोरेज' उघडा. कशाने किती जागा व्यापली आहे ते तेथे लिहिलेले असते. नको ते व्हिडिओ काढा. महिनोन्महिने न उघडलेली ॲप्स काढा. बँकेचे ॲप काढले म्हणून खात्यातले पैसे जात नाहीत. पण कोणतेही ॲप काढण्यापूर्वी एक पाहावे. त्यात भरलेली पण पुढे न पाठवलेली नोंद अडकली नाही ना? असेल तर ती आधी पाठवावी.

फोनच अडखळला असेल तर

पाइप ठीक, कॉक उघडा, टाकी रिकामी, तरी ॲप येत नाही? मग पुढील उपाय याच क्रमाने करा.

१. फोन बंद करून पुन्हा चालू करा. उपाय साधा आहे, पण पुष्कळदा एवढ्यानेच काम होते.

२. फोनवरची तारीख आणि वेळ पाहा. ती चुकीची असेल, तर दुकानाला फोनची आणि फोनला दुकानाची ओळख पटत नाही. सेटिंग्जमध्ये तारीख-वेळ आपोआप लावण्याचे बटण असते. ते चालू करा.

३. प्ले स्टोअरची 'कॅशे' साफ करा. कॅशे म्हणजे कामाच्या ओघात बाजूला टाकलेले कागद. सेटिंग्जमध्ये 'ॲप्स', त्यात 'गूगल प्ले स्टोअर', त्यात 'स्टोरेज', आणि तेथे 'क्लिअर कॅशे'. याने तुमचे फोटो किंवा नंबर जात नाहीत.

४. तरीही नाही जमले, तर तेथेच 'क्लिअर डेटा' किंवा 'क्लिअर स्टोरेज' असते. प्ले स्टोअरसाठी ते दाबण्यास हरकत नाही. पण सांभाळा! वर नाव प्ले स्टोअरचेच आहे ना, हे वाचून मगच दाबा. दुसऱ्या ॲपचा डेटा साफ केला, तर त्यातली माहिती जाऊ शकते.

फोन जुना असेल तर

'हे ॲप तुमच्या डिव्हाइसशी जुळत नाही' असे कधी लिहून येते. डिव्हाइस म्हणजे तुमचा फोन. जुन्या फोनची यंत्रणा जुनी असते. नवे ॲप तीवर चालत नाही. सेटिंग्जमध्ये 'सिस्टीम अपडेट' आहे का ते पाहा. नसेल तर फोनशी भांडून उपयोग नाही. काम घरातल्या दुसऱ्या फोनवरून करा. ई-पीक पाहणीत एका फोनवरून अनेक खातेदारांची नोंद करता येते. तेही न जमल्यास तलाठ्याला वेळेत भेटा. २०२४ साली या पदाचे नाव 'ग्राम महसूल अधिकारी' झाले आहे.

आडवाटेने जाऊ नका

आता सर्वांत महत्त्वाची गोष्ट सांगतो. ॲप उतरत नाही म्हणून माणूस घाईला येतो, आणि चोर याच घाईची वाट पाहत असतो.

व्हॉट्सॲपवर एक फाईल येते. वर लिहिलेले असते, 'योजनेची यादी', 'गाडीचा दंड', 'लग्नपत्रिका', नाहीतर 'बँकेचे नवे ॲप'. फाईलच्या नावाच्या शेवटी ए, पी, के ही तीन इंग्रजी अक्षरे असतात. ही अक्षरे ओळखायला शिका. ती यादीही नसते आणि पत्रिकाही नसते. ते दुकानाबाहेरून आलेले ॲप असते. ते दाबले, की फोन विचारतो, 'अनोळखी ठिकाणचे ॲप घ्यायचे का?' तेथे 'होय' म्हटले आणि पुढे ते मागेल ती परवानगी दिली, की घराची किल्ली चोराच्या हाती गेली. मग बँकेकडून येणारे गुप्त आकडे, म्हणजे ओटीपी, तो आपल्या जागी बसून वाचतो आणि खाते रिकामे करतो.

ओळखीच्या माणसाकडून फाईल आली, तरी दाबू नका. त्याचाच फोन चोराच्या ताब्यात गेलेला असू शकतो. आधी त्याला फोन करून विचारा.

प्ले स्टोअरमध्येही डोळे उघडे ठेवा. सारख्या नावाची ॲप्स पुष्कळ असतात. ॲपच्या नावाखाली ते बनवणाऱ्याचे नाव बारीक अक्षरांत असते. ते वाचल्याशिवाय 'इंस्टॉल' दाबू नका.

फसवणूक झालीच, तर लाजून गप्प बसू नका. त्या फोनचे नेट तत्काळ बंद करा. दुसऱ्या फोनवरून १९३० या सरकारी क्रमांकावर तक्रार करा आणि बँकेला कळवा. जितकी घाई कराल, तितके पैसे वाटेत अडवण्याची आशा अधिक.

मुदत चुकली तर धावपळ होते, हे खरे. पण ती धावपळ परवडली. वर्षाची कमाई एका बोटाच्या दाबाने गेली, तर ती कोठून आणणार?

लक्षात ठेवा

१. फोन अडला, की आधी अक्षरे वाचा.
२. पाइप, कॉक, टाकी हा क्रम सोडू नका.
३. 'पेंडिंग' म्हणजे बिघाड नव्हे, रांग आहे.
४. मुदतीच्या आठ दिवस आधीच ॲप उतरवून ठेवा.
५. ॲप दुकानातूनच घ्या. ए, पी, के अक्षरांची फाईल दाबू नका.

अभ्यास

१. तुमच्या फोनमध्ये किती जीबी जागा मोकळी आहे? पाहा आणि वहीत लिहा.
२. तुमच्या फोनमधल्या एका ॲपचे नाव आणि ते बनवणाऱ्याचे नाव वाचा.
३. १९३० हा क्रमांक घरातल्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवा.