तहानेवर फुलणारं झाड

मुरुमसारख्या गावात परसातल्या डाळिंबाची जागा बहुधा ठरलेली असते: न्हाणीच्या मोरीजवळ. उमरगा तालुक्याच्या या भागात उन्हाळ्यात पाणी जपून वापरावं लागतं, तेव्हा सांडपाणी झाडाला जावं हा हिशेब शहाणपणाचाच. केळ, पपई, अळू त्यावर खूश असतात. डाळिंब मात्र हिरवंगार होतं, बुंध्यातून फुटव्यांमागून फुटवे काढतं, वर्षभर इकडे एक, तिकडे दोन फुलं दाखवतं आणि फळांच्या नावानं ठणठणाट. उलट ज्या बागेचं पाणी मालकानं मुद्दाम महिना-दीड महिना तोडलेलं असतं, ती बाग नंतर फुलांनी लालभडक होते.

पाणी मिळालं की पानं, पाणी तुटलं की फुलं. हे काय गौडबंगाल आहे?

डाळिंबाचं मूळ घर इराणपासून उत्तर भारताच्या डोंगराळ भागापर्यंत पसरलेलं. तिथं कडक हिवाळा पडतो. झाड सगळी पानं टाकून झोपी जातं आणि वसंतात जागं होऊन एकदम बहरतं. आपल्याकडे डिसेंबरच्या रात्री शाल लागते खरी, पण डाळिंबाला झोपवायला ती थंडी पुरत नाही. त्यामुळे इथं ते जवळजवळ सदाहरित होऊन बसतं. पानं कधी टाकायची, फुलायचं कधी, याचं त्याचं वेळापत्रकच हरवतं. महाराष्ट्रातल्या बागायतदारांनी त्याला थंडीऐवजी तहान दिली. बागेच्या भाषेत यालाच ‘ताण देणं’ म्हणतात. थंडीचं काम तहान करते, ही मला या झाडाची सगळ्यात थक्क करणारी गोष्ट वाटते.

ताणात झाडाच्या आत काय चालतं? पाणी आटलं की आधी नवी वाढ थांबते. पानं मात्र काही दिवस उन्हात साखर बनवतच राहतात. खर्च थांबलेला आणि कमाई चालू, म्हणून ती शिल्लक पिष्टाच्या रूपात फांद्यांत साठते. मग पानं पिवळी पडून गळतात आणि झाड वाळल्यासारखं दिसायला लागतं. नवखा माणूस इथंच घाबरून बादली ओततो. योग्य वेळी पाणी दिलं, तर साठवलेली सगळी शिदोरी फांद्यांवरच्या डोळ्यांकडे धावते आणि नव्या पालवीबरोबर कळ्या येतात. मुरमाड जमिनीत ही अवस्था साधारण महिन्याभरात येते, काळ्या भारी जमिनीत दीड महिना किंवा त्याहून जास्त लागतो, कारण काळी माती ओल सहजासहजी सोडत नाही. दोन वर्षांच्या आतल्या किंवा आजारी झाडाला मात्र ताण देऊ नका.

ताण देऊन धरायचे बहर तीन: जानेवारी-फेब्रुवारीत आंबे, जून-जुलैत मृग, सप्टेंबर-ऑक्टोबरात हस्त. व्यापारी बागेत तेल्या रोगाच्या भीतीनं हस्त बहराकडे कल असतो, कारण हा जिवाणूजन्य रोग दमट, पावसाळी हवेत फोफावतो. पण घरच्या एक-दोन झाडांना, मराठवाड्यातल्या माणसानं मृगच धरावा असं माझं मत आहे. त्याचा ताण एप्रिल-मेमध्ये येतो; तेव्हा नळाला पाणी नसतं आणि झाडालाही ते नको असतं. दोघांची अडचण एकमेकांना सोयीची पडते! पावसानं ओढ दिली, तर पहिलं पाणी आपण द्यावं. तेही बेतानं, एकदम तुंबवून नव्हे.

फुलं आली की पुढची धास्ती: निम्मी फुलं गळून पडतात. त्यात बरीचशी नर फुलं असतात आणि ती गळणारच. ओळखायला सोपं आहे. घंटेसारखं, देठाकडे निमुळतं फूल नर. बुडाशी फुगीर, सुरईच्या आकाराचं फूल उभयलिंगी. फळ या दुसऱ्यातूनच धरतं.

फळ धरल्यावर मात्र ताणाचा खेळ संपला. आता झाडाला हवा असतो कायमचा वाफसा, म्हणजे मातीच्या पोकळीत थोडं पाणी आणि थोडी हवा. वीतभर खोलीवरची माती मुठीत दाबा; गोळा व्हावा, पण हाताला चिखल लागू नये. आळं बुंध्याला टेकवून करू नका, फांद्यांच्या सावलीच्या कडेनं करा आणि त्यावर पाचट पसरा. मोरी चालू ठेवायची असेल, तर पाण्याला दुसरीकडे वळवायची सोय हवी आणि साबणाचं पाणी झाडापासून दूरच बरं.

वाफसा चुकला की फळं तडकतात. कोरड्या दिवसांत साल ताठर होते, तिची ताणली जाण्याची ताकद जाते. मग परतीचा पाऊस कोसळला किंवा आपण पाट सोडला, की आतले दाणे भराभर पाणी ओढून फुगतात आणि साल फाटते. बोरॉन आणि कॅल्शियमची कमतरताही याला हातभार लावते, पण घरच्या झाडाला बहुतेक वेळा पाण्यातला लहरीपणाच नडतो.

आणि हे दाणे तरी काय आहेत? आंब्यात आपण बीभोवतीचा गर खातो. डाळिंबात खातो ते बियांचंच रसाळ झालेलं बाह्य आवरण. फळ उभं कापून पाहा: आत दोन मजले दिसतात, खाली मोजके कप्पे आणि वर जास्त. शेंड्यावरचा मुकुट म्हणजे फुलाचं जाड, लाल निदलपुंज, शेवटपर्यंत न गळलेलं.

रोप घेताना बी लावू नका, गुटी कलम घ्या. बियांपासूनचं झाड आईसारखं निघेल याचा भरवसा नाही. ‘गणेश’ हे वाण पुण्याच्या गणेशखिंडीत संशोधक डॉ. चीमांनी 1936 मध्ये ‘आळंदी’ या वाणातून निवडलं. आज सगळीकडे दिसणारा ‘भगवा’ राहुरीच्या कृषी विद्यापीठाचा, त्याच ‘गणेश’च्या वंशातला. मुरुमच्या पश्चिमेला सोलापुरात 2005 पासून राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे; शंका असली तर तिथं विचारावं.

मृगाची फळं थंडीत तयार होतात. ‘भगवा’ला फुलापासून सहा महिन्यांच्या आसपास लागतात. रंग आला म्हणून घाईनं तोडू नका, कारण डाळिंब आंब्यासारखं अढीत पिकत नाही; झाडावरून उतरवलं तेव्हा जेवढं गोड, तेवढंच ते राहतं.