नेव्हिल डिसोझा

नेव्हिल डिसोझा (३ ऑगस्ट, १९३२:आसगाव, गोवा – १६ मार्च, १९८०) हे भारतीय फुटबॉलपटू होते. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये एकाच सामन्यात तीन गोल (हॅट्ट्रिक) करणारे ते पहिले आशियाई खेळाडू होत. त्यांची देशांतर्गत कारकीर्द मुख्यतः मुंबईत घडली. तेथे ते टाटा स्पोर्ट्स क्लबतर्फे आघाडीच्या फळीत खेळत. त्यांचे बंधू डेरेक डिसोझा हेही भारताकडून खेळले.

१९५६ मेलबर्न ऑलिंपिक

१९५२च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये युगोस्लाव्हियाने भारताचा १०–१ असा पराभव केला होता. त्या संघातील अनेक खेळाडू अनवाणी खेळले होते. पुढील ऑलिंपिकला सय्यद अब्दुल रहीम यांच्या मार्गदर्शनाखाली आणि समर बॅनर्जी यांच्या नेतृत्वाखाली गेलेला संघ बूट घालून उतरला. हंगेरीने माघार घेतल्यामुळे भारताला थेट उपांत्यपूर्व फेरीत प्रवेश मिळाला.

१ डिसेंबर, १९५६ रोजी भारताने यजमान ऑस्ट्रेलियावर ४–२ अशी मात केली. त्यांपैकी तीन गोल डिसोझा यांचे, तर चौथा किट्टू यांचा होता. या विजयामुळे भारत ऑलिंपिक फुटबॉलची उपांत्य फेरी गाठणारा पहिला आशियाई संघ ठरला.

उपांत्य फेरीत पुन्हा युगोस्लाव्हियाशीच गाठ पडली. मध्यंतरापर्यंत गोलफलक कोरा राहिला. उत्तरार्धात डिसोझा यांनी गोल करून भारताला आघाडी मिळवून दिली. मात्र ती टिकली नाही व भारत १–४ असा पराभूत झाला. ७ डिसेंबर रोजी कांस्यपदकाच्या सामन्यात बल्गेरियाने भारताला ०–३ असे हरवले. ऑस्ट्रेलियन नियमांच्या फुटबॉलचा प्रदर्शनीय सामनाही त्याच दिवशी त्याच मेलबर्न क्रिकेट मैदानावर झाला. त्या खेळाच्या माहेरघरातच भारताचे पदक एका सामन्याने हुकले. भारतीय फुटबॉल संघाची ऑलिंपिकमधील ही आजवरची सर्वोत्तम कामगिरी आहे.

चार गोलांसह डिसोझा हे बल्गेरियाचे दिमितर मिलानोव आणि युगोस्लाव्हियाचे तोदोर वेसेलिनोविच यांच्या बरोबरीने स्पर्धेतील सर्वाधिक गोल करणारे खेळाडू ठरले.

उत्तरकाळ

१९६०च्या रोम ऑलिंपिकसाठीच्या भारतीय संघात त्यांचा समावेश नव्हता. त्यामुळे त्यांची ऑलिंपिक कारकीर्द मेलबर्नमधील तीन सामन्यांपुरतीच राहिली. वयाच्या ४७व्या वर्षी त्यांचे निधन झाले.