दूरचित्रवाणीवरील उपरोध : ‘फ्लॉप शो’

१९८९ साली दूरदर्शनवरून ‘फ्लॉप शो’ ही अवघ्या दहा भागांची हिंदी मालिका प्रसारित झाली. तिचे दिग्दर्शक व प्रमुख नट जसपाल भट्टी हे शिक्षणाने विद्युत अभियंता. चंदीगडच्या ‘ट्रिब्यून’ वृत्तपत्रात त्यांनी व्यंगचित्रेही काढली होती. व्यंगचित्रकाराची ती नजर मालिकेत जागोजागी जाणवते. मोजक्या रेषांत माणूस उभा करावयाचा आणि त्याचा एखादाच दोष फुगवून दाखवावयाचा, ही तिची रीत.

प्रत्येक भाग म्हणजे एक स्वतंत्र नाटुकले होते. एका भागात सरकारी कर्मचारी औषधोपचाराची खोटी बिले सादर करतात, दुसऱ्यात पीएच.डी.चा मार्गदर्शक विद्यार्थ्याला संशोधनाऐवजी घरकामाला जुंपतो. आणखी एकात कंत्राटदार व अभियंते यांच्या संगनमताने निकृष्ट बांधकाम उभे राहते. यांतील कोणीही खलनायकाच्या थाटात वावरत नाही. लबाडी हा जणू दैनंदिन कामकाजाचाच भाग आहे, अशा सहजतेने सारे बोलतात. या विनोदातील काळोख नेमका येथे आहे. प्रेक्षक हसतो खरा. परंतु खोटे बिल पुढे करणारा तो कर्मचारी चारचौघांतला, कदाचित आपल्याच घरातला आहे, हे त्याच्या ध्यानी येते. लाचखोर मंत्री दाखवून टाळ्या मिळवणे सोपे असते. भट्टींनी मात्र मध्यमवर्गालाच, म्हणजे समोर बसलेल्या प्रेक्षकालाच, आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले.

भागाच्या अखेरीस एखाद्या लोकप्रिय चित्रपटगीताच्या चालीवर विडंबनगीत येई. आचार्य अत्रे यांच्या ‘झेंडूची फुले’मुळे विडंबन मराठी वाचकांच्या परिचयाचे आहेच. ओळखीची गोड चाल आणि तीत भ्रष्टाचाराचे कौतुक, या विसंगतीने उपरोध अधिक झोंबतो.

हे सारे घडत होते शासकीय माध्यमावर. तेव्हा देशात खासगी वाहिन्या नव्हत्या. दूरदर्शनचा कारभार प्रसार भारती या स्वायत्त मंडळाकडे गेला तो १९९७ साली. ज्या शासनाच्या कार्यालयांची थट्टा चाले, त्याच शासनाच्या प्रक्षेपणातून ती घरोघरी पोहोचे. भट्टींचा रोख पुढाऱ्यांपेक्षा डॉक्टर, प्राध्यापक, अभियंते यांच्यावरच अधिक होता, ही कोणास मर्यादा वाटेल. परंतु सामान्य माणसाची रोजची गाठ याच मंडळींशी पडत असे.

मालिकेच्या निर्मात्या सविता भट्टी यांनी तीत भूमिकाही केल्या. जसपाल भट्टी यांचे २५ ऑक्टोबर २०१२ रोजी रस्ता अपघातात निधन झाले. २०१३ साली भारत सरकारने त्यांना मरणोत्तर पद्मभूषण जाहीर केले.