एक्स्प्लेनर : रात्रभराचा गोंधळ अन् ३० सेकंदांची रील; मधली गोष्ट गेली कुठे?

डोंगरकडा (जि. हिंगोली) : घरात लग्न झाले की मराठवाड्यातील अनेक कुटुंबांत कुलदैवतेचा गोंधळ घातला जातो. संबळ कडाडले की मोबाइल वर होतात आणि रील तयार होते. पण गोंधळाचा गाभा असलेले आख्यान सुरू होईपर्यंत बहुतेक फोन खिशात गेलेले असतात.

संतोष डावखर यांच्या ‘गोंधळ’ या मराठी चित्रपटामुळे ही कला पुन्हा चर्चेत आली. गोव्यातील ५६ व्या इफ्फीत नोव्हेंबर २०२५ मध्ये डावखर यांना सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा रौप्य मयूर मिळाला.

गोंधळात नेमके काय होते?

पाटावर नवे कापड, त्यावर धान्याची रास आणि कलश मांडून चौक भरतात. दिवटी पेटते. संबळ, तुणतुणे आणि झांजेच्या साथीने गावोगावच्या देवांना आवतण दिले जाते. हा पूर्वरंग. त्यानंतर उत्तररंगात आख्यान लागते आणि शेवटी आरती होते. माहूरच्या रेणुकेचे उपासक ते रेणुराई गोंधळी, तर तुळजाभवानीचे उपासक ते कदमराई.

आख्यान वेगळे का?

नायक गोष्ट सांगतो आणि साथीदार मधेच तिरकस प्रश्न विचारतो. त्या उत्तरांत गावातल्या गोष्टीही येतात. त्यामुळे तेच आख्यान दर रात्री थोडे वेगळे होते. ते कागदावर उतरले, तरी पूर्ण येत नाही.

जांभूळ आख्यानाचेच पाहा. कर्णाविषयीची ओढ द्रौपदीला सर्वांसमोर कबूल करावी लागते, अशी ही लोककथा. परभणीचे गोंधळमहर्षी राजारामभाऊ कदम यांनी गोंधळाची ही परंपरा गावाबाहेर नेली, तर शाहीर विठ्ठल उमप (१९३१-२०१०) यांनी जांभूळ आख्यान रंगमंचावर गाजवले.

धोका कुठे आहे?

अनेक घरी रात्रभराचा गोंधळ आता काही तासांत आटोपतो. वेळ कमी पडला की पहिली कात्री आख्यानाला लागते. वर्षानुवर्षे न सांगितलेली गोष्ट पुढच्या पिढीच्या कानावर पडत नाही आणि सांगणाऱ्यासोबतच संपते.

मोबाइलवर काय करता येईल?

- आधी गोंधळ्यांची परवानगी घ्या. ऑनलाइन टाकणार असाल, तर तेही सांगा.
- फोन एअरप्लेन मोडवर ठेवा, म्हणजे कॉलमुळे रेकॉर्डिंग तुटणार नाही.
- फोन नायकाजवळ, पण संबळापासून दूर ठेवा. नाहीतर शब्द दबतात.
- साथीदाराचे प्रश्न आणि हशाही राहू द्या, काटछाट करू नका.
- फाइलला नायकाचे नाव, गाव, तारीख आणि आख्यानाचे नाव द्या.
- एक प्रत गोंधळ्यांच्या घरी पोहोचवा. ही गोष्ट पुढे शिकणारी मुले बहुतेक त्याच घरातली असतात.