चिव्याच्या बेटातला चापडा

आषाढ सरत आला होता. परसातल्या पडवळ-कारल्याच्या मांडवाला चार चिवे हवेत म्हणून आमच्या शेजारचे तात्या कोयती घेऊन पऱ्याकडे गेले. मुरुडची आगरे समुद्राच्या अंगाला. नारळी-पोफळी मागे टाकून डोंगराकडे वळले, की पऱ्याच्या काठाने चिव्याची बेटे लागतात. तात्यांनी डाव्या हाताने चिवा धरला, उजव्या हाताने कोयती उगारली, आणि डाव्या अंगठ्याच्या बेचक्यात कुणी निखारा ठेवावा तसे झाले. हात झटकून पाहिले तर वीतभर वर, पेरापाशी, पोपटी हिरवा साप होता तसाच बसलेला. पळाला नाही, फुत्कारलाही नाही.

गडी धावून आले. साप ठेचला, लगेच जाळूनही टाकला. "हिरवा होता, म्हणजे हरणटोळच," एक जण म्हणाला. "हरणटोळ टाळूला डसतो, हाताला कसा डसेल?" दुसऱ्याने विचारले. गाडी मिळून रुग्णालयात पोचेपर्यंत सूज मनगट ओलांडून कोपराकडे निघाली होती. तिथे प्रतिविषाच्या कुप्या टोचल्या गेल्या, सलाइन लागले, आणि केसपेपरवर दोन शब्द पडले : अज्ञात सर्पदंश. तात्या आठवड्याने घरी आले. मूठ नीट वळायला मात्र गौरी-गणपती उलटून गेले.

तो साप अज्ञात नव्हता. कोकणात त्याला पिढ्यान् पिढ्या नाव आहे : चापडा.

पुढच्या पावसाळ्यात त्याच बेटात मी दुसरा चापडा पाहिला, दोन हातांवरून, बॅटरीच्या उजेडात. शेपटीचा विळखा चिव्याला, मान इंग्रजी एससारखी आखडलेली, आणि तोंड खाली पऱ्याकडे, जिथून बेडूक वर येतात. डोके त्रिकोणी आणि रुंद, मान त्या मानाने अगदी बारीक. डोळ्याची बाहुली मांजरासारखी उभी. आणि डोळा व नाकपुडी यांच्या बरोबर मधे, टाचणीच्या डोक्याने दाबून पाडावा तसा एक खळगा. मी अर्धा तास उभा होतो. तेवढ्या वेळात तो एकदाही हलला नाही.

हरणटोळाशी त्याचा घोळ होतो तो फक्त रंगामुळे. हरणटोळ चाबकाच्या दोरीसारखा सडपातळ, तोंड पेन्सिलीच्या टोकासारखे निमुळते, बाहुली आडवी. त्याचे विष सौम्य आहे, आणि तो टाळू फोडतो ही कथा खोटी आहे. चापडा अंगाने जाडसर आणि आळशी. तो दिवसभर एका जागी पडून राहतो आणि अंधार पडल्यावर शिकारीला बसतो. सरडे, बेडूक, उंदीर, एखादे पाखरू हे त्याचे खाणे. अंडी घालत नाही, थेट पिल्लांना जन्म देतो.

त्या खळग्यावरूनच या सगळ्या घराण्याला इंग्रजीत पिट व्हायपर म्हणतात. आपल्या घोणशीला आणि फुरशाला तो नसतो. खळग्याच्या आत केसाहूनही पातळ पडदा ताणून बसवलेला असतो आणि त्यात मज्जातंतूंची दाट जाळी असते. काळोखात उंदीर समोरून गेला की त्याच्या अंगाची ऊब या पडद्यावर पडते. तापमानात अंशाच्या काही हजाराव्या भागाएवढा फरक पडला तरी सापाला कळतो. खळगे दोन बाजूंना दोन, त्यामुळे दिशाही कळते. हे नेमके कसे घडते ते २०१० साली कॅलिफोर्नियातल्या डेव्हिड ज्युलियस यांच्या प्रयोगशाळेने उलगडले. त्या मज्जातंतूंत टीआरपीए-१ नावाचे प्रथिन असते, आणि ते माणसातही असते. लोणच्यासाठी मोहरी फेसताना जो झणका नाकात जातो आणि डोळ्यांत पाणी आणतो, तो आपल्याला याच प्रथिनामुळे जाणवतो. आपल्यात ते तिखटपणा ओळखते, चापड्यात ऊब. तापमान आणि स्पर्श यांच्या संवेदनांवरील कामासाठी ज्युलियस यांना २०२१ साली नोबेल मिळाले. पऱ्याकाठी उभा असताना मला हे ठाऊक असते, तर आणखी अर्धा तास थांबलो असतो.

चापड्याला शास्त्रीय नाव मिळाले १८०२ साली. जॉर्ज शॉ याने दिलेल्या त्या नावातल्या 'ग्रॅमिनियस'चा अर्थ गवती, गवतासारखा. सह्याद्रीत याचा भाऊबंद आहे मलबारी चापडा, जर्डनने १८५४ साली वर्णिलेला. तो हिरवा, तपकिरी, पिवळसर, नारिंगी अशा अनेक रंगांत सापडतो, आणि पावसाळ्यात आंबोलीला रात्री बॅटऱ्या घेऊन हिंडणारे लोक मुख्यतः त्याच्याच शोधात असतात. खाली गोव्यापासून केरळ-श्रीलंकेपर्यंत पाचोळ्यात राहणारा, वर वळलेल्या नाकाचा तिसरा एक आहे, आणि त्याच्याकडे मला पुढे यायचेच आहे. हे गोत पूर्वेला केवढे पसरले आहे! अंदमानात त्याची वेगळी जात, निकोबारात आणखी वेगळ्या, मग थायलंड, मलाया, सुमात्रा, बोर्निओ, फिलिपाइन्स, थेट जपानच्या दक्षिण बेटांपर्यंत. मलेशियातल्या पेनांग बेटावर तर एका देवळात हे साप फांद्यांवर निवांत बसलेले असतात आणि भाविक शेजारून उदबत्ती लावून जातात. या घराण्यात नवी भर अजूनही पडते आहे. २०१९ साली अरुणाचलच्या पश्चिम कामेंग भागातून जी नवी जात जगापुढे आली, तिच्या शोधनिबंधात पुण्याचे अशोक कॅप्टन होते.

महर्षी कर्वे आमच्या मुरुडचे. शाळकरी वयात ते परीक्षेसाठी मुरुडहून साताऱ्यापर्यंत चालत गेले, ही गोष्ट आमच्याकडे पोरासोरांना पाठ आहे. ती वाट मी विषारी सापांच्या नजरेने पाहतो. समुद्रालगतच्या कातळावर, सड्यावर, गडग्याच्या चिऱ्यांत फुरसे. खाचरांच्या बांधांवर नाग आणि घोणस. पऱ्याकाठी आणि घाट चढताना झाडीत चापडा. फुरसे बहुधा पायाला चावते आणि चापडा हाताला, कारण एक जमिनीवर असते आणि दुसरा हाताच्या उंचीवर. दवाखान्यात कुणी काही विचारणारच असेल, तर एवढे एक आधी विचारावे.

फुरशाची धास्ती रत्नागिरी जिल्ह्याइतकी क्वचितच कुठे असेल. एकोणिसाव्या शतकात सरकारने त्याच्या डोक्यावर इनाम लावले. माणसे चिरे उलथून उलथून फुरशी मारू लागली आणि आकडा लाखावर गेला. तरीही फुरसे संपले नाही. कातळ तोच, गडगे तेच, आणि त्यांत फुरसेही आहेच. जपानच्या बेटांनी दुसरा उपाय केला. तिथला हाबू हा मोठा पिट व्हायपर आटोक्यात यावा म्हणून १९१० साली ओकिनावावर मुंगूस आणून सोडले, १९७९ च्या सुमारास आमामी बेटावरही. पण मुंगूस दिवसा हिंडतो आणि हाबू रात्री. दोघांची गाठ पडणे दुर्मीळ. मुंगसांनी आमामीचे काळे ससे फस्त करायला सुरुवात केली. मग मुंगूस पकडण्यात वर्षानुवर्षे गेली, आणि २०२४ साली आमामी मुंगूसमुक्त झाल्याचे जाहीर झाले. हाबू अजून तिथेच आहे. सापाला मारून सर्पदंश थांबत नाही, हे रत्नागिरीलाही कळायला हवे होते आणि आमामीलाही.

मग थांबते ते कशाने? औषधाने. आणि नेमके इथेच चापडा मागे राहिला आहे.

आपल्याकडे मिळणारे प्रतिविष चार सापांचे : नाग, मण्यार, घोणस, फुरसे. या चौघांचे विष थोडे थोडे घोड्यांना टोचून त्यांच्या रक्तातून ते बनवतात. महाराष्ट्रात हाफकिनचे नाव याच कामाने घरोघरी पोचले. या कुपीत चापड्यासाठी काहीच नाही. म्हणजे तात्यांच्या शिरेत गेलेले प्रतिविष त्यांच्या उपयोगाचे नव्हते. उलट त्याची तीव्र प्रतिक्रिया येऊन जिवावर बेतू शकले असते, आणि त्या कुप्या त्याच रात्री फुरशाच्या एखाद्या रुग्णाला लागल्या असत्या.

चापड्याच्या दंशाने माणूस सहसा मरत नाही. भयंकर वेदना, सूज, फोड, कधी रक्त गोठण्यात बिघाड; नीट देखरेख असेल तर रुग्ण उठतो. पण पाचोळ्यातला तो वर वळलेल्या नाकाचा भाऊबंद वेगळा आहे. त्याला कित्येक वर्षे निरुपद्रवी समजत. केरळ आणि श्रीलंकेतल्या डॉक्टरांनी रुग्ण नोंदवले, तेव्हा उघड झाले की त्याच्या विषाने मूत्रपिंडे निकामी होतात, माणसे दगावतात, आणि आपले प्रतिविष त्याच्यावर चालत नाही. नोंद झाली म्हणून हे कळले. चापड्याच्या बाबतीत मला हेच हवे आहे. थायलंडमध्ये बँकॉकची राणी सावभा संस्था तिथल्या हिरव्या पिट व्हायपरसाठी स्वतंत्र प्रतिविष बनवते, कारण कुठला साप किती जणांना चावतो हे त्यांनी मोजले. आपण मोजलेलेच नाही. इथे प्रतिविष बनवणे परवडेल की नाही, हा प्रश्न नंतरचा.

मोजायला फार काही लागत नाही. काचेची स्वच्छ, कोरडी परीक्षानळी. तीत रुग्णाचे ताजे रक्त दोन मिलिलिटर. वीस मिनिटे तिला हात लावायचा नाही, हलवायची नाही. मग एकदाच तिरकी करायची. गोळा जमला असेल तर ठीक. रक्त पाण्यासारखे वाहिले, तर विषाने रक्ताची गोठण्याची शक्तीच काढून घेतली आहे. यंत्र नाही, वीज नाही, अगदी दुर्गम आरोग्य केंद्रातही जमण्यासारखी चाचणी. तिचा निकाल आणि सापाचे नाव केसपेपरवर एकाखाली एक आले, की चापड्याविषयी पाच पावसाळ्यांत आपल्याला आजच्या कितीतरी पट अधिक कळेल.

हे कोकणात होऊ शकते असे मी म्हणतो, कारण एकदा झालेले आहे. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी लाल विंचवाच्या दंशावर काम केले ते ग्रामीण रुग्णालयात, खाटेशेजारी बसून, रुग्णागणिक टिपणे ठेवून. रक्तदाबासाठीचे प्राझोसिन हे साधे औषध विंचवाच्या दंशावर चालते हे त्यांनी दाखवले, ते 'लॅन्सेट'मध्ये छापून आले, आणि पूर्वी जिथे पोरे डोळ्यांदेखत जात, तिथे आज ती वाचतात. त्यांच्याकडे मोठी प्रयोगशाळा नव्हती. त्यांच्याकडे नोंदी होत्या.

देशात २००० ते २०१९ या काळात वर्षाला सरासरी ५८ हजार माणसे सर्पदंशाने गेली, असा २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाचा अंदाज आहे. केंद्र सरकारने मार्च २०२४ मध्ये राष्ट्रीय कृती आराखडा जाहीर केला. २०३० पर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणायचे त्यात ठरले आहे. राज्यांनी प्रत्येक सर्पदंश कळवावा, असेही त्याच वर्षी सांगण्यात आले. पण कळवताना सापाच्या रकान्यात 'अज्ञात' लिहिले, तर चापडा आणखी पन्नास वर्षे अज्ञातच राहील.

म्हणून आगरात, चिव्याच्या बेटात, काजूच्या बागेत काम करणाऱ्या माझ्या शेजाऱ्यांना एवढेच सांगणे आहे. चिव्याला हात घालण्याआधी काठीने बेट हलवा. कुणाला साप चावला तर सापाला मारण्यात वेळ घालवू नका. जमल्यास लांबून मोबाइलवर एक फोटो काढा, हाताची अंगठी-कडे उतरवा, हात हलू देऊ नका, आवळून बांधू नका, ब्लेडने चिरू नका, आणि तडक दवाखाना गाठा. तिथे डॉक्टरांना फोटो दाखवा आणि साप तोच असेल तर त्याचे नाव घेऊन सांगा : चापडा. आणि डॉक्टरांना हात जोडून विनंती आहे, ते नाव केसपेपरवर लिहा.