एकच वर्ष, एकच एडिटर: रेणू सलुजा

कॉमेडीचा एडिटर वेगळा आणि सिरीयस सिनेमाचा वेगळा, असं वाटतं ना? मग हे ऐका. 'जाने भी दो यारो' आणि 'अर्धसत्य', दोन्ही १९८३ चे. दोन्हींत नसीर आणि ओम पुरी. आणि दोन्ही एडिट केले पुण्याच्या एफटीआयआयमध्ये शिकलेल्या रेणू सलुजांनी.

पहिल्यातला महाभारताचा सीन आठवा. प्रेताची द्रौपदी झालीय, स्टेजवर नुसती ओढाताण. कोण कुणाला ओढतंय हे कट्समधून कळलं नाही, तर फक्त गोंधळ उरेल, हसू येणार नाही.

'अर्धसत्य'मध्ये ओम पुरी दिलीप चित्र्यांची कविता वाचतो. वाचता वाचता त्याचा चेहरा गंभीर होत जातो. इथे घाईने कट मारला, तर तो बदल आपल्याला दिसणारच नाही.

म्हणजे प्रश्न एकच: प्रेक्षकाला काय, कधी आणि किती वेळ दाखवायचं?

'परिंदा', 'धारावी', 'सरदार', 'गॉडमदर' यांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २००० मध्ये त्या गेल्या, अवघ्या ४८ व्या वर्षी. आपल्याला डायलॉग पाठ असतात, एडिटरचं नाव नाही. पुढचा सिनेमा बघताना ते नाव तेवढं वाचा.