जॅकेट गळत नाही, साबण उरलाय

जुलै २०२४ मध्ये मुळशी तालुक्यातल्या ताम्हिणीला चोवीस तासांत साडेपाचशे मिलिमीटरहून अधिक पाऊस झाला. अशा पावसात भटकणाऱ्यांचे महागडे रेनजॅकेट दुसऱ्या-तिसऱ्या पावसाळ्यात ‘गळू’ लागते. दोष कापडाला दिला जातो. पुष्कळदा तो धुण्याच्या पावडरीचा असतो.

या जॅकेटांत आतल्या बाजूला अतिसूक्ष्म छिद्रांचा पडदा असतो. घामाची वाफ त्यातून बाहेर जाते, पाण्याचा थेंब आत शिरत नाही. बॉब गोअर यांनी १९६९ मध्ये टेफ्लॉन झटक्याने ताणून असा पदार्थ मिळवला. त्यातूनच गोअर-टेक्स आले. बाहेरच्या कापडावर वेगळा लेप असतो, त्याच्यामुळे अळूच्या पानावरून ओघळावेत तसे थेंब ओघळतात.

घात होतो तो या लेपाचा. साबणाच्या रेणूचे एक टोक तेलाला धरते, दुसरे पाण्याला. म्हणून तर मळ निघतो. पण कापड नीट खळबळले नाही, तर तेच रेणू त्यावर बसून पाणी ओढून घेतात. बाहेरचे कापड चिंब होते, वाफेची वाट अडते, घाम आतच साचतो आणि घालणाऱ्याला वाटते, पाऊस आत आला. ओले अंग आणि घाटमाथ्यावरचा वारा यांनी शरीर झपाट्याने गार पडते. त्यासाठी हिमालयातच जावे लागते असे नाही.

कपडे मऊ करणारे कंडिशनर सर्वांत वाईट, कारण कापडावर थर सोडणे हेच त्याचे काम. ब्लीचही नको. पावडरीचे कण शिवणीत अडकतात. अशा कपड्यांसाठीचा खास द्रव साबण उत्तम. तो नसेल तर बिनवासाचे, बिनरंगाचे लिक्विड डिटर्जंट नेहमीच्या निम्मे घ्यावे आणि दोन-तीनदा खळबळावे. त्याआधी मशीनचा साबणाचा कप्पा धुवावा. जुनी पावडर तिथेच दडलेली असते.

जॅकेट न धुणे हाही उपाय नव्हे. अंगाचे तेल आणि घामही लेप निकामी करतात. फ्लोरीनविरहित लेपाची नवी जॅकेटे तर तेल लवकर धरतात, ती अधिक वेळा धुवावी लागतात.

वाळल्यावर, लेबलवर परवानगी असेल तर, वर टॉवेल ठेवून मंद इस्त्री फिरवावी. उष्णतेने लेप पुन्हा कामाला लागतो. मग पाणी शिंपडून पाहावे. तरीही थेंब कापडात मुरले, तर लेपाचा स्प्रे नव्याने मारावा लागेल.

स्कूटरवरच्या प्लॅस्टिकच्या रेनकोटाला यातले काहीच नको. ओल्या फडक्याने पुसावा, सावलीत टांगावा.